वीस पिशव्यांचं गणित

टेलरबाईंना कॅल्क्युलस येतं, असं कुणी त्यांच्या गिऱ्हाइकांना सांगितलं असतं तर लोकांनी सांगणाऱ्याच्याच कपाळाला हात लावून ताप बघितला असता. पण खोटं कशाला बोला, येत होतं. वयाच्या एकोणपन्नासाव्या वर्षी, पँटींची उंची कमी करता करता आणि पडद्यांच्या कडा दुमडता दुमडता ही बाई डेरिव्हेटिव्ह काढायला शिकली, आणि चांगलं शिकली. शिकायची वेळच आली नसती तर फार बरं झालं असतं, ती गोष्ट वेगळी.

बाईंचे यजमान कॉलेजात कॉमर्सच्या पहिल्या वर्षाला गणित शिकवायचे. गल्लीत, बँकेत, दवाखान्यात सगळे त्यांना सर म्हणत, तेव्हा आपणही सरच म्हणू. सव्वीस वर्षं एकच विषय, धंद्यातलं गणित. आधी व्याज आणि हप्ते, मग शेवटचे तीन महिने कॅल्क्युलस. पोरांना त्या शेवटच्या तीन महिन्यांची धडकी भरायची आणि सरांचा खरा जीव त्यातच होता. "व्याज काय, वाणीही मोजतो," ते म्हणायचे. "पण किती बनवायचं आणि कुठे थांबायचं हे ज्याला कळलं, त्याला धंदा कळला." हे वाक्य बाईंनी जेवताना इतक्यांदा ऐकलं होतं की त्या नुसतं "हो हो, वाढू का?" म्हणायच्या.

मग एक दिवस फळ्यावर लिहिता लिहिता सरांच्या हातून खडू पडला. तो उचलायला ते वाकले आणि उठलेच नाहीत. मेंदूत रक्ताची गुठळी झाली होती. तीन आठवडे हॉस्पिटल झालं. दुसऱ्या महिन्यात पाय चालू लागला, तिसऱ्यात बोलणं बरंचसं परत आलं. मधेच चावीला चमचा म्हणायचे, मग स्वतःच हसायचे. बाईंना वाटलं, सुटलो एकदाचे. पण घोडं पुढेच अडलं होतं. सरांना जुनं सगळं आठवत होतं. कोणत्या वर्षी कोणता मुलगा पहिला आला, कोण कॉपी करताना सापडला, सगळं. फक्त समोरचं गणित हातातून निसटायचं. एक आकडा डोक्यात धरून दुसऱ्याशी काही करायला गेलं की पहिला गायब.

घरी उपचाराला एक मुलगी यायची. बोलणं सुधारायचे, स्मरणाचे व्यायाम करून घ्यायची. वयानं लहान, पण तोंडावर स्पष्ट बोलणारी. ती म्हणाली, "सरांना त्यांचंच काम द्या. रोज दोन तास. शब्दकोडी नकोत, गणितं द्या. आणि समोर कुणीतरी बसा."

समोर बसायला बाईंशिवाय होतंच कोण? लेक दूर, तिचा संसार, तिची नोकरी. बाईंचं शिक्षण दहावी, तेही गणितात काठावर. पण दुसऱ्याच दिवशी चार वाजता बाईंनी कापड बेतायचं मोठं टेबल रिकामं केलं, कात्री आणि टेप एका कडेला सारली, आणि सरांची जुनी टिपणवही उघडून बसल्या.

"वाच," सर म्हणाले.

"काय वाचू? हे क्ष-बिक्ष मला सोसायचं नाही."

"अगं, क्ष म्हणजे अजून न शिवलेल्या पिशव्या. किती शिवायच्या हे माहीत नाही म्हणून क्ष म्हणायचं. माहीत झालं की क्ष संपला."

वहीत मुळात पंखे तयार करणाऱ्या कारखान्याचं गणित होतं. सरांनी बाईंसाठी पंख्यांच्या जागी पिशव्या घेतल्या. एक बाई कापडी पिशव्या शिवते. जितक्या जास्त विकायच्या तितकी किंमत उतरवावी लागते. आठवड्याला क्ष पिशव्या खपवायच्या तर एकीची किंमत शंभर वजा दोन क्ष. कापडाचा आणि दोऱ्याचा खर्च एका पिशवीला वीस. शिवाय मशीनचं भाडं एकशे पन्नास. तर जास्तीत जास्त नफा हवा असेल तर तिनं किती पिशव्या शिवाव्यात?

"जमतील तेवढ्या," बाई म्हणाल्या. "यात विचारायचं काय?"

सर हसले. आजारानंतर ते पहिल्यांदाच असं पोटातून हसले. बाईंना इतकं बरं वाटलं की त्या मुद्दाम आणखी येड्यासारखे प्रश्न विचारू लागल्या. नफ्याचा डेरिव्हेटिव्ह शून्य धरायचा म्हटल्यावर त्या म्हणाल्या, "शून्य? मग धंदा बसलाच की!" सर म्हणाले, "नफा शून्य नव्हे गं, नफ्याची वाढ शून्य. टेकडी चढतेस तेव्हा माथ्यावर एक पाऊल असं असतं की चढही नाही आणि उतारही नाही. ते पाऊल शोधायचं." आणि भाड्याचे एकशे पन्नास डेरिव्हेटिव्ह घेताना नाहीसे झाले तेव्हा बाई खऱ्याच चिडल्या. "म्हणजे भाडं कुणी भरायचं? तुमचे वडील?" सरांनी टेबलावर थाप मारली. "भाडं तर द्यायचंच आहे, एक पिशवी शिव नाहीतर पन्नास शिव! म्हणून किती शिवायच्या हे भाडं ठरवत नाही. आणखी एक शिवायला काय पडतं, आणि ती एक विकून काय मिळतं, एवढंच बघायचं." तीस वर्षं शिवणकाम केलं, पण हे असं सरळ कुणी सांगितलं नव्हतं.

समजावणं हे असं झकास. करून दाखवणं मात्र जमेना. पहिले तीन आठवडे सर रोज कुठे ना कुठे चुकत. बाई वहीतलं उत्तर बघून सांगायच्या, चुकलं हो. ते खोडायचे, पुन्हा मांडायचे. बाई समोर बसून बसून, बघून बघून शिकत गेल्या. चौथ्या आठवड्यात एका मंगळवारी सरांनी ते गणित पहिल्या ओळीपासून शेवटपर्यंत न अडखळता सोडवलं. ऐंशी वजा चार क्ष बरोबर शून्य. क्ष बरोबर वीस. किंमत साठ. नफा साडेसहाशे. बाईंनी उत्तर पडताळलं आणि चक्क टाळ्या वाजवल्या. सरांचे डोळे भरून आले. त्यांनी लगेच तेच गणित पुन्हा सोडवलं, मग तिसऱ्यांदाही. पुढच्या दोन महिन्यांत त्याच वहीतली अशी दहा गणितं त्यांच्या हातात आली.

उपचारवाल्या मुलीनं ते पाहिलं. कौतुक केलं. मग जाताना दारात बाईंना हळूच म्हणाली, "आता आकडे बदलून द्या. समजलंय की पाठ झालंय, हे तेव्हाच कळेल."

बाईंच्या मनात तोवर तो प्रश्न आलाच नव्हता. दुसऱ्या दिवशी त्यांनी पिशव्यांचं गणित एका कोऱ्या कागदावर उतरवलं आणि खर्च वीसच्या जागी चोवीस लिहिला. बाकी सगळं तेच. सरांना काही बोलल्या नाहीत.

सरांनी पहिल्या ओळीत चोवीस लिहिलं. दुसऱ्या ओळीत ऐंशी क्ष. मग ऐंशी वजा चार क्ष, क्ष बरोबर वीस, आणि खाली दोन रेघा मारून त्यांनी कागद पुढे सरकवला.

"चोवीस आहेत बघा," बाई म्हणाल्या.

सरांनी बघितलं. खोडलं. चोवीस लिहिलं. पुन्हा ऐंशी. बाईंना एव्हाना शहात्तर दिसत होतं, लख्ख दिसत होतं. शंभरातून चोवीस गेले, शहात्तर. शहात्तरला चारांनी भागलं, एकोणीस. ज्या बाईला पहिल्या दिवशी क्ष सोसत नव्हता तिला हे तोंडी आलं, आणि ज्यांनी तिला शिकवलं त्यांना येईना. तिसऱ्यांदा ऐंशी लिहिल्यावर सर थांबले. त्यांच्या लक्षात आलं की काहीतरी चुकतंय, पण काय ते दिसेना. त्यांनी पेन खाली ठेवलं, आत गेले आणि भिंतीकडे तोंड करून पलंगावर बसले. संध्याकाळी जेवायला उठले नाहीत. बाई जवळ जाऊन बसल्या तेव्हा त्यांनी लहान पोरानं विचारावं तसं विचारलं, "मला हे पूर्वी यायचं ना गं?"

बाईंच्या काळजाचं पाणी पाणी झालं. आणि त्यांच्या तोंडून निघून गेलं, "अहो, माझीच चूक झाली. उतरवताना आकडा चुकला माझा. वीसच आहे तिथे. चोवीस कुठलं आलंय?"

सरांनी मान वर केली. "वीसच आहे?"

"वीसच. वही आणू का?"

वही आणली. सरांनी पलंगावर बसल्या बसल्या गणित सोडवलं. क्ष बरोबर वीस. मग दोन घास खाल्ले आणि शांत झोपले. बाई मात्र पंख्याकडे बघत पडून राहिल्या. आपण काय केलंय ते त्यांना कळत नव्हतं असं नाही. पण त्यांना वाटलं, दोन दिवस जाऊ देत, जरा बळ येऊ दे, मग बदलू आकडे. ते दोन दिवस कधी उगवलेच नाहीत. उपचारवाल्या मुलीला त्या सांगत राहिल्या, "हो, देते की बदलून." आणि रोज चार वाजता तीच दहा गणितं, तेच आकडे, तीच बरोबर उत्तरं. सर खूश, म्हणून बाई खूश. असली खुशी किती दिवस पुरते?

नवी टर्म महिन्यावर आली तेव्हा कॉलेजच्या प्राचार्य मॅडम स्वतः घरी आल्या. मॅडम भल्या होत्या. चहा घेतला, तब्येत विचारली, आणि मग आडवळणं न घेता बोलल्या. "सर, दोन वाटा आहेत. परीक्षा विभागात एक जागा रिकामी आहे. पगार तोच, निवृत्तीपर्यंत सहा वर्षं, कुणी काही विचारणार नाही. नुसतं हो म्हणा. वर्गच हवा असेल तर मात्र एक नमुना तास घ्यावा लागेल. चाळीस मिनिटं, खरी मुलं, मागे मी आणि दोन प्राध्यापक. जमला तर वर्ग तुमचा. नाही जमला तर मला संस्थेला तसं लेखी कळवावं लागेल, आणि मग परीक्षा विभागसुद्धा माझ्या हातात राहणार नाही. वैद्यकीय कारण देऊन तुम्हाला घरीच बसवतील. शुक्रवारपर्यंत सांगा."

मॅडम गेल्यावर सर टेबलापाशी येऊन बसले. मग म्हणाले, "गठ्ठे बांधायचे तिथे. उत्तरपत्रिकांचे."

"काम कुठलं वाईट असतं?" बाई म्हणाल्या. एवढंच बोलल्या.

"वाईट नाही. पण वर्गात उभा राहिलो नाही तर मी कोण, हे मला सांगता येत नाही." सरांनी टेबलावरचा टेप गुंडाळला. "तरी मी हट्ट करणार नाही. मला आतून काही कळेनासं झालंय. समोर तू बसतेस, तू बघतेस. तू नाही म्हण, मी उद्या मॅडमना फोन करून ती खुर्ची घेतो. खरं सांग. जमतंय ना मला?"

हीच ती वेळ होती. हवा तेवढा वेळ होता, घरात दोघंच होती, आणि माणूस स्वतः विचारत होता. बाईंनी तोंड उघडलं. सांगावं, की अहो, नाही जमत, वीसचं चोवीस झालं की नाही जमत. मग त्यांनी सरांच्या तोंडाकडे पाहिलं. सहा महिन्यांत तिथे जे काही परत आलं होतं ते सगळं त्या एका उत्तराकडे डोळे लावून बसलं होतं. बाईंनी मनात पटकन हिशेब केला. धडा सर स्वतः निवडणार. पिशव्यांचंच गणित घेणार. ते तर झोपेत येतं. चाळीस मिनिटं म्हणजे काय, बोलण्यातच जातात. आणि आजकालची पोरं कशाला प्रश्न विचारतात? झाकली मूठ सव्वा लाखाची.

"जमतंय," त्या म्हणाल्या. "पक्कं जमतंय."

सरांनी शुक्रवारची वाटही पाहिली नाही. त्याच दुपारी मॅडमना फोन करून सांगितलं, नमुना तास घेतो.

तास सकाळी अकराचा होता. बाईंनी शर्टाला स्वतः इस्त्री केली, कॉलरची सैल झालेली शिवण आदल्या दिवशीच उसवून नव्यानं घातली. सर म्हणाले, तूही चल, मागे बस, तू दिसलीस की बरं वाटतं. बाई शेवटच्या बाकावर भिंतीला टेकून बसल्या. पुढे चाळीस-पंचेचाळीस पोरं. पलीकडच्या कडेला मॅडम आणि दोन प्राध्यापक, हातात कागद घेऊन.

आणि सरांनी काय तास घेतला, काय सांगू! पहिल्या पाच मिनिटांत पोरं हसायला लागली. सरांनी टेकडी काढली, माथा काढला, मग म्हणाले, "माझ्या घरी एक शिवणकाम करणारी आहे. तिला विचारलं किती पिशव्या शिवायच्या, तर म्हणाली जमतील तेवढ्या. तुमच्यातले अर्धे कारखानदार असंच करून बुडणार आहेत." सगळा वर्ग खो खो हसला, दोन प्राध्यापकही हसले. मॅडमनी मागे वळून बाईंकडे पाहिलं आणि मान डोलावली. सरांनी पिशव्यांचं गणित मांडलं. खडू कुठे अडला नाही. ऐंशी वजा चार क्ष. क्ष बरोबर वीस. एकविसावी पिशवी का शिवायची नाही हे त्यांनी असं काही समजावलं की पोरं लिहायची थांबून ऐकत राहिली. मागे बाईंना रडू फुटायचं बाकी होतं. त्यांना वाटलं, निभावलं. घड्याळात पंचवीस मिनिटं झाली होती.

तेवढ्यात दुसऱ्या बाकावरच्या एका मुलीनं हात वर केला. तिच्या मनात काही वाकडं नव्हतं हो. उलट, सरांनी इतकं छान शिकवलं नसतं तर तिनं हात वर केलाच नसता. "सर, समजा कापड महाग झालं. पिशवीला वीसऐवजी अठ्ठावीस खर्च आला. मग किती पिशव्या?"

"वा!" सर म्हणाले. "हाच प्रश्न विचारायला हवा. बघू या."

बाईंना चोवीसवाला तो कागद आठवला.

सरांनी फळा पुसला. खर्च अठ्ठावीस, असं लिहिलं. मग नफा. ऐंशी क्ष. ऐंशी वजा चार क्ष. क्ष बरोबर वीस. खाली दोन रेघा मारून ते वळले आणि वर्गाकडे हसून बघायला लागले.

"सर, ऐंशी नाही. बहात्तर येतात ना?" मुलगी म्हणाली.

"हो हो, बरोबर." सरांनी पुसलं. पुन्हा ऐंशी लिहिलं. मागच्या बाकांवर दोघं-तिघं खिदळली आणि आपोआप गप्प झाली. सर फळ्याच्या अगदी जवळ गेले. अठ्ठावीसवर बोट ठेवलं. खडू उचलला. तिसऱ्यांदा ऐंशी. दुसऱ्या बाकावरची मुलगी पुढची ओळ सांगायला तोंड उघडून तशीच बसली होती. तिचा चेहरा पडला होता, जणू तिनंच काही मोडलं होतं.

सर वळले. घाबरलेल्या नजरेनं त्यांनी सगळा वर्ग धुंडाळला आणि शेवटच्या बाकावर बाई दिसताच त्यांचा चेहरा सैल झाला. भरल्या वर्गात ते बाईंना म्हणाले, "अगं, आकडा चुकलाय बघ उतरवताना. वहीत किती आहे? वीसच आहे ना?"

सगळी डोकी मागे वळली. बाई उठून उभ्या राहिल्या. हो म्हणावं, असं जिभेवर आलं होतं. इतक्या दिवसांची सवय होती. पण पंचेचाळीस पोरांना फळ्यावरचं अठ्ठावीस दिसत होतं, मॅडमना दिसत होतं, आणि आता हो म्हटलं तर ही पोरं त्यांच्या नवऱ्याला वेडा ठरवतील हेही बाईंना कळत होतं.

"नाही हो," त्या म्हणाल्या. "अठ्ठावीसच आहे. मुलीचं बरोबर आहे."

सर बाईंकडे बघत राहिले. त्यांना आधी कळलं नाही. मग हळूहळू कळलं, आणि बाईंना ते कळताना दिसलं. कुणाही बाईवर असलं बघायची पाळी येऊ नये. सरांनी खडू फळ्याच्या पट्टीवर नीट ठेवला, हात झटकले आणि म्हणाले, "मुलांनो, उरलेलं तुम्ही घरी करा."

मॅडमनी त्यांना दारापर्यंत सोडलं. सर पुढे गेल्यावर हलक्या आवाजात बाईंना म्हणाल्या, "ती खुर्ची मी त्यांच्यासाठीच ठेवली होती हो. आता माझ्या हातात काही नाही. तुम्ही रोज समोर बसत होतात ना, तुम्हाला अंदाज आला नाही?" बाईंनी पदराचं टोक तोंडात धरलं आणि पायऱ्या उतरल्या. सर खाली कठड्याला धरून उभे होते. ऐकलं असावं.

दोघं घरी आली. सरांनी बूट काढले, शर्ट बदलला, तो घडी घालून खुर्चीच्या पाठीवर ठेवला. मग टेबलाशी बसून त्यांनी विचारलं, "कधीपासून माहीत होतं?"

"चोवीस दिलं होतं त्या दिवसापासून."

"म्हणजे उतरवताना चुकली नव्हतीस."

"नाही."

"मी विचारलं होतं तुला. मॅडम येऊन गेल्या त्या दिवशी." सरांच्या आवाजात राग नव्हता. राग असता तर बाईंनी तो आनंदानं सोसला असता. "मी खुर्ची घेतली असती गं. गठ्ठे बांधले असते. सांगितलं होतं मी तुला."

"तुमचं तोंड बघवेना मला," बाई म्हणाल्या आणि त्यांना हुंदका फुटला. "रडवेले व्हायचात हो तुम्ही. मला नाही बघवलं. मारा मला, पण असे गप्प बसू नका."

"सव्वीस वर्षांत," सर म्हणाले, "न येणाऱ्या एकालाही मी पास केलं नाही. पोरांचे बाप येऊन रडले दारात, तरी नाही केलं. का, तर पुढे जगात त्याची फजिती होऊ नये म्हणून. आणि तू मला रोज पास करत राहिलीस."

दुपार तशीच गेली. भात चुलीवर होता तो तसाच निवला. दोन गिऱ्हाइकं आली, बाईंनी दारातूनच परत पाठवली. त्यांना काय करू नि काय नको असं झालं होतं. चार वाजले तेव्हा त्यांच्याच्यानं राहवेना. त्यांनी टेबलावरचं कापड आवरलं, वही घेतली, कोरं पान उघडलं.

"आजपासून खरं करायचं," त्या म्हणाल्या. "रोज नवा आकडा. चुकलं तर चुकलं म्हणायचं. वर्ष लागू दे, दोन लागू देत. कॉलेज गेलं खड्ड्यात, आपण आपल्यासाठी करू. आणि तुम्हाला नको असेल तर आज मी करते. बघा तुम्ही."

सर उठून गेले नाहीत. बाईंनी पेन उचललं. खर्च अठ्ठावीस. नफा, बहात्तर क्ष वजा दोन क्ष वर्ग वजा एकशे पन्नास. बहात्तर वजा चार क्ष बरोबर शून्य. क्ष बरोबर अठरा. किंमत चौसष्ट. नफा चारशे अठ्ठ्याण्णव. एका दमात, एकही खाडाखोड न करता. आयुष्यात पहिल्यांदा त्यांनी अख्खं गणित स्वतःच्या हातानं कागदावर उतरवलं होतं, आणि एवढ्या दुःखातही त्यांना वाटलं की ह्यांनी एकदा बघावं, ह्यांनी शिकवलेलं आहे हे. त्यांनी वही सरांपुढे सरकवली.

"तपासा."

सरांनी बोट ठेवून पहिली ओळ वाचली. मग दुसरी. मग पुन्हा पहिली. ते खूप वेळ वाचत होते. बाई त्यांच्या बोटाकडे बघत बसल्या. बोट बहात्तरवर आलं, तिथे थांबलं, वर अठ्ठावीसवर गेलं, परत खाली आलं. असं चार-पाचदा झालं.

"बरोबर आहे ना?" बाईंनी विचारलं.

"मला कळत नाही," सर म्हणाले.

"बरोबर आहे हो. अठराच येतात. मी सांगते ना."

सरांनी वहीवरून मान वर केली. बाईंकडे पाहिलं. त्यांच्या डोळ्यांत पाणी होतं, पण आवाज अगदी साधा होता.

"वीसलाही तू बरोबरच म्हणाली होतीस," ते म्हणाले, आणि वही मिटून त्यांनी ती बाईंच्या बाजूला सरकवली.